डॅट, डिव्हएक्स आणि सातशे एमबीचा सिनेमा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जुन्या हार्ड डिस्क, सीडींच्या चवडी आणि उघडायला नकार देणाऱ्या फाइली यांच्याबद्दल जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, ते इथे एकत्र केले आहेत. काळ साधारण १९९३ ते २००५ चा. सुरुवातीला मूलभूत प्रश्न आहेत, पुढे दुरुस्तीचे आणि अडनिड्या अपवादांचे. चोरट्या प्रती कुठे मिळतात याचं उत्तर इथे मिळणार नाही. कायद्याबद्दल प्रश्न १७ पाहा.

१. एव्हीआय, एमपीजी, डॅट, एमकेव्ही, डिव्हएक्स, एक्सव्हिड… ही सगळी एकाच गोष्टीची नावं आहेत का?

नाही, यात दोन वेगळ्या जाती आहेत. एव्हीआय, एमकेव्ही, एमपी४ हे डबे आहेत: चित्र, आवाज, सबटायटल्स आत भरून ठेवायची सोय. डिव्हएक्स, एक्सव्हिड, एमपेग-१, एच.२६४ ही डब्यातल्या चित्राची नावं, म्हणजे ते चित्र कोणत्या पद्धतीने दाबलं आहे हे सांगणारी. या दाबण्या-उलगडण्याच्या सॉफ्टवेअरला कोडेक म्हणतात.

एव्हीआय हा मायक्रोसॉफ्टचा १९९२ चा डबा. त्यात सिनेपॅक, इंडिओ, डिव्हएक्स, एक्सव्हिड, मिनीडीव्ही कॅमेऱ्यातलं चित्र असं काहीही असू शकतं. म्हणून ‘माझी एव्हीआय चालत नाही’ एवढ्यावरून कुणालाच काही सांगता येत नाही. आत काय आहे ते बघावं लागतं. व्हीएलसी या मोफत प्लेअरमध्ये फाइल उघडून ‘कोडेक इन्फर्मेशन’ पाहिलं की कळतं. डॅट म्हणजे व्हीसीडीवरची (व्हिडिओ सीडीवरची) फाइल, तिच्या आत एमपेग-१ असतं (प्रश्न ३).

२. शेकडो जीबीचा व्हिडिओ एका सीडीवर मावतो, तो नेमका कसा? मध्ये काय टाकून देतात?

आधी कच्चा माल किती ते पाहू. पाल (आपल्याकडच्या जुन्या टीव्हीची पद्धत) पद्धतीचं चित्र ७२० गुणिले ५७६ पिक्सेलचं, सेकंदाला २५ फ्रेम. रंगाची माहिती आधीच कमी करून घेतली तरी एका पिक्सेलमागे सरासरी १२ बिट लागतात. म्हणजे सेकंदाला साधारण साडेपंधरा एमबी आणि दोन तासांना सुमारे ११२ जीबी. तोच सिनेमा ७०० एमबीत बसवायचा तर दीडशे भागांतला जेमतेम एक भाग ठेवता येतो.

पहिली काटछाट रंगात होते. उजेड आणि अंधारातला बारीक फरक डोळ्याला चटकन कळतो, रंगातला तितका कळत नाही. म्हणून रंग प्रत्येक पिक्सेलला न नोंदवता चार पिक्सेलला मिळून एकदाच नोंदवतात.

दुसरी काटछाट वेळेत. बातम्या वाचणाऱ्या निवेदिकेच्या मागची भिंत सेकंदाला २५ वेळा नव्याने साठवण्यात काहीच अर्थ नाही. त्यामुळे अधूनमधून एक फ्रेम पूर्ण ठेवतात, तिला आय-फ्रेम म्हणतात. तिच्या पुढच्या फ्रेममध्ये फक्त ‘१६ गुणिले १६ पिक्सेलचा हा चौकोन इथून तिथे सरकला, आणि एवढा बदलला’ इतकीच नोंद असते. मागच्या फ्रेमवरून बांधलेली ती पी-फ्रेम, मागच्या आणि पुढच्या दोन्हींवरून बांधलेली ती बी-फ्रेम.

तिसरी काटछाट मला सगळ्यांत सुंदर वाटते. उरलेल्या चित्राचे ८ गुणिले ८ पिक्सेलचे चौकोन करतात आणि प्रत्येक चौकोन हा कमी-जास्त दाट लहरींची बेरीज आहे असं मानून तो पुन्हा मांडतात. विरळ लहरींत चेहऱ्याचा, आकाशाचा ढोबळ उजेड असतो. दाट लहरींत केस, साडीची जर, गवत यांचा बारीक तपशील. मग विरळ लहरी नीट जपायच्या आणि दाट लहरींचे आकडे ढोबळ करून टाकायचे. बरेचसे आकडे शून्य होतात, आणि शून्यांची रांग लिहायला जागा लागत नाही.

हे गणित, डिस्क्रीट कोसाइन ट्रान्सफॉर्म, जानेवारी १९७४ मध्ये नासिर अहमद, टी. नटराजन आणि के. आर. राव यांच्या निबंधातून जगासमोर आलं. नासिर अहमद मूळचे बंगळूरचे, तेव्हा अमेरिकेत कॅन्सस स्टेट विद्यापीठात शिकवत होते. १९७२ मध्ये त्यांनी या कल्पनेसाठी तिथल्या नॅशनल सायन्स फाउंडेशनकडे निधी मागितला होता, तो मिळाला नाही. पुढे जेपेग, एमपेग-१, एमपेग-२ आणि डिव्हएक्स सगळे याच गणितावर उभे राहिले. मोबाइलवर फोटो पाहणाऱ्या प्रत्येकाला ही तीन नावं माहीत असायला हवीत, असं मला मनापासून वाटतं.

हे सगळं कुठे कोलमडतं ते पाहायचं असेल तर एखाद्या जुन्या प्रतीतला विसर्जन मिरवणुकीचा शॉट काढा. गुलालाचा प्रत्येक कण आपापल्या दिशेने जातो, त्यामुळे ‘चौकोन इथून तिथे सरकला’ ही नोंद कामाला येत नाही, आणि सगळी दाट लहरींची माहिती, त्यामुळे तीही काटता येत नाही. पडदा चौकोनाचौकोनांनी भरून जातो. पाऊस आणि लाटांचंही तेच. प्रत वाईट आहे असा निष्कर्ष अशा शॉटवरून काढू नका, पुढचा शांत प्रसंग बघा.

३. व्हीसीडी आणि डीव्हीडीत फरक काय? व्हीसीडीवर सिनेमा दोन-तीन डिस्कमध्ये का असायचा?

व्हीसीडीचं मानक १९९३ चं. चित्र एमपेग-१, पालमध्ये ३५२ गुणिले २८८, वेग सेकंदाला ११५० किलोबिट, आवाज २२४ किलोबिट. हे आकडे ठरलेले असतात. साध्या ऑडिओ सीडीच्याच वेगाने डिस्क वाचली जावी असा हिशेब होता, त्यामुळे ७४ मिनिटांच्या सीडीवर ७४ मिनिटांचंच चित्र मावतं आणि ८० मिनिटांच्या सीडीवर ८० मिनिटांचं. अडीच तासांच्या सिनेमाला दोन डिस्क, तीन तासांच्याला तीन. मिनिटाला साधारण १० एमबी हा अंदाज लक्षात ठेवा, डॅट फाइल अर्धवट कॉपी झाली आहे का ते त्यावरून ओळखता येतं.

डीव्हीडी नोव्हेंबर १९९६ मध्ये जपानमध्ये आली. तिच्यावर एमपेग-२ असतं, चित्र ७२० गुणिले ५७६, जागा ४.७ किंवा ८.५ जीबी. अमेरिकेत व्हीसीडी फारशी रुजलीच नाही. चीन, आग्नेय आशिया आणि भारतात मात्र ती घरोघरी होती, कारण प्लेअर स्वस्त आणि सीडी त्याहून स्वस्त. २००७ मध्ये मोझर बेअरने सिनेमाची व्हीसीडी २८ रुपयांना आणि डीव्हीडी ३४ रुपयांना बाजारात आणली, तेव्हाही व्हीसीडीला गिऱ्हाईक होतं.

४. डिव्हएक्स कुणी बनवलं? ते चोरलेलं कोडेक होतं असं ऐकलं आहे.

पहिली आवृत्ती, डिव्हएक्स ३.११ अल्फा, ही खरोखरच मायक्रोसॉफ्टच्या कोडेकमध्ये फेरफार करून तयार झाली. मायक्रोसॉफ्टचं एमपेग-४ कुटुंबातलं कोडेक उत्तम होतं, पण ते फक्त कंपनीच्या स्वतःच्या एएसएफ डब्यातच वापरता यावं असं बंधन घातलेलं होतं. फ्रान्समधल्या जेरोम रोटा या तरुणाने ते बंधन काढलं आणि तेच कोडेक एव्हीआयमध्ये चालू लागलं. त्याच्या जोडीला एमपी३ आवाज आला, आणि डीव्हीडीचा सिनेमा एका सीडीवर उतरवण्याची सोय घरच्या संगणकावर झाली.

पुढे रोटा यांच्यासह काही जणांनी २००० मध्ये डिव्हएक्सनेटवर्क्स ही कंपनी काढली आणि नव्याने लिहिलेलं कोडेक तयार केलं. २००१ च्या सुरुवातीला त्याचा कोड ओपनडिव्हएक्स नावाने खुला होता. त्याच वर्षी कंपनीने पुढचं काम बंद दाराआड नेलं, तेव्हा काही स्वयंसेवकांनी तो खुला कोड उचलून एक्सव्हिड सुरू केलं. म्हणजे डिव्हएक्स ४ आणि त्यापुढच्या आवृत्त्यांना चोरीचं म्हणणं चूक आहे. आरोप लागू होतो तो ३.११ ला.

व्यवहारात याचा परिणाम एवढाच: ३.११ च्या फाइली एमपेग-४ मानकाशी तंतोतंत जुळत नाहीत, म्हणून त्या काही प्लेअरवर अडतात (प्रश्न १६).

५. जुन्या प्रती बरोबर ७०० एमबीच्याच का असतात? ६०० किंवा ९०० का नाही?

कारण ८० मिनिटांच्या कोऱ्या सीडीवर ७०० एमबी डेटा बसतो. सिनेमा किती जागा मागतो हे कुणी विचारतच नव्हतं. जागा ठरलेली होती, सिनेमा तिच्यात बसवायचा होता.

गणित असं: ७०० एमबीचे बिट केले आणि दोन तासांनी भागले की सेकंदाला सुमारे ८१५ किलोबिट येतात. त्यातले १२८ आवाजाला दिले, चित्राला उरले ६८५ च्या आसपास. ६४० गुणिले २७२ आकाराच्या, सेकंदाला २४ फ्रेमच्या चित्रात हे एका पिक्सेलमागे ०.१६ बिट होतात. कच्च्या चित्रात हाच आकडा १२ होता. एवढ्यावर चेहरे स्वच्छ दिसायचे, यात एक्सव्हिडवर काम करणाऱ्यांचं कसब आहे.

तीन तासांचा हिंदी सिनेमा मात्र यात मार खायचा. तिथे चित्राला उरतात फक्त ४१५ किलोबिट, पिक्सेलमागे ०.१०. गाण्यात नाचणारा घोळका आला की चौकोन दिसणारच. म्हणून जाणकार लोक हिंदी सिनेमा दोन सीडींत करायचे, मग चित्राला ९६० किलोबिटच्या आसपास मिळत. तुमच्याकडे ‘सीडी१’ आणि ‘सीडी२’ अशा दोन फाइली असतील तर त्या त्या काळातल्या चांगल्या प्रतीची खूण समजा, त्या जोडून पुन्हा लहान करू नका.

मालिकांचे भाग ३५० एमबीचे दिसतात तेही याचमुळे. एका सीडीवर दोन.

६. ‘टू-पास’ म्हणजे काय? दोनदा एन्कोड केल्याने, म्हणजे दाबल्याने, चित्र दोनदा खराब होत नाही का?

नाही. पहिल्या फेरीत कोडेक सिनेमा फक्त तपासतं आणि कुठे हालचाल जास्त, कुठे कमी याची नोंद ठेवतं. चित्र तयार होतं ते दुसऱ्या फेरीत, आणि तेही मूळ फाइलवरूनच. त्या नोंदीमुळे शांत प्रसंगातले बिट वाचवून पाठलागाच्या प्रसंगाला देता येतात, आणि शेवटी फाइल ठरलेल्या आकारात नेमकी बसते. त्या वेळच्या संगणकावर यात अख्खी रात्र जायची.

७. डीव्हीडीला कुलूप असायचं ना? मग त्यावरून प्रती निघाल्या कशा?

डीव्हीडीवरचं चित्र सीएसएस नावाच्या पद्धतीने बंद केलेलं असे आणि किल्ली ४० बिटची, म्हणजे मुळातच अशक्त. ऑक्टोबर १९९९ मध्ये नॉर्वेच्या १५ वर्षांच्या योन लेक योहानसनच्या नावाने डीसीएसएस हा प्रोग्राम इंटरनेटवर आला आणि कुलूप निघालं. त्याच्यावर नॉर्वेत खटला झाला. जानेवारी २००३ मध्ये तो निर्दोष सुटला, अपिलातही डिसेंबर २००३ मध्ये निकाल तोच राहिला. न्यायालयाच्या दृष्टीने त्याने स्वतः विकत घेतलेली डीव्हीडी पाहण्यासाठी हे केलं होतं, आणि कायदेशीर प्रत घेणाऱ्याला तो हक्क होता. लिनक्सवर तेव्हा डीव्हीडी बघायची अधिकृत सोय नव्हती, हेही विसरू नये.

८. डायल-अपवरून अख्खा सिनेमा यायला किती वेळ लागायचा? आपल्याकडे लोक खरंच डाउनलोड करायचे का?

५६ केच्या मोडेमवर प्रत्यक्षात सेकंदाला ५ केबी मिळाले तरी नशीब. त्या वेगाने ७०० एमबीला सलग ४० तास लागतात, आणि तेवढा वेळ घरचा फोन अडकून राहतो. म्हणून १९९९-२००० च्या सुमारास सिनेमे फिरायचे ते मुख्यतः परदेशी विद्यापीठांच्या वेगवान जोडण्यांवर, एफटीपी (फाइली ठेवायचे सर्व्हर) आणि आयआरसी (गप्पांच्या खोल्या) यांवरून. तिथे मोठी फाइल १५ एमबीच्या रार (फाइली बांधून ठेवायचा एक प्रकार) तुकड्यांत तोडायची रीत होती. लाइन तुटली तर एक तुकडा वाया जावा, अख्खा सिनेमा नाही. मोडेमवर असा एक तुकडा उतरायला पाऊण तासाहून जास्त वेळ लागे.

भारतात लोकांसाठी इंटरनेट १५ ऑगस्ट १९९५ ला सुरू झालं, पण सिनेमा उतरवण्याजोगा वेग आला तो ऑक्टोबर २००४ च्या ब्रॉडबँड धोरणानंतर. त्या धोरणात ब्रॉडबँड म्हणजे किमान २५६ केबीपीएस. जानेवारी २००५ मध्ये बीएसएनएलची डेटावन सेवा आली. पुढे तिच्या एका योजनेत रात्री २ ते सकाळी ८ डाउनलोडला मोजमाप नव्हतं, आणि ज्यांच्याकडे ती होती त्यांना ही वेळ अजून पाठ आहे. हिशेब करून बघा: २५६ केबीपीएसने सहा तासांत जास्तीत जास्त ६७५ एमबी उतरतात. एका रात्रीत एक सीडी जवळजवळ पूर्ण, शेवटचे काही टक्के दुसऱ्या रात्री. पहाटे अडीचला गजर लावून डाउनलोड सुरू करणारे कितीतरी जण होते, मग वेळ ठरवून देता येणारी सॉफ्टवेअर आली.

त्याआधी महाराष्ट्रात अशा फाइली पोचायच्या त्या सीडीवर भरून, हातोहात. अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या वसतिगृहांत डीसी++ हे फाइली वाटून घ्यायचं सॉफ्टवेअर चालायचं. त्यात फाइल इंटरनेटवरून न येता वसतिगृहाच्या आतल्या नेटवर्कवरून येते, त्यामुळे वेग बाहेरच्या कैक पट.

९. नॅप्स्टर, काझा, ईम्यूल, टॉरंट: सगळे एकच काम करायचे, मग फरक काय?

काम म्हणजे लोकांनी आपापल्या संगणकांवरच्या फाइली आपसात वाटून घेणं. फरक दोन प्रश्नांच्या उत्तरांत आहे. फाइल कुणाकडे आहे हे कोण सांगतं, आणि आलेली फाइल खरी आहे हे कसं कळतं?

नॅप्स्टर जून १९९९ मध्ये आलं. त्यावर फक्त एमपी३ गाणी मिळत, सिनेमे नाहीत. फाइली लोकांच्या संगणकांवर असत, पण यादी नॅप्स्टरच्या स्वतःच्या सर्व्हरवर. न्यायालयाचा आदेश आला तेव्हा ही यादीच अडचणीची ठरली, आणि जुलै २००१ मध्ये ते बंद पडलं.

मार्च २००१ मध्ये आलेल्या काझाने यादी वाटून टाकली. ज्यांची जोडणी वेगवान, त्यांचेच संगणक आपोआप सुपरनोड होऊन यादी सांभाळत. मात्र फाइल तपासण्याची त्याची पद्धत मोठ्या फाइलचा काहीच भाग पाहायची. मधला भाग बदलला तरी फाइल ‘तीच’ ठरे. त्यामुळे काझावर नासवलेल्या फाइलींचा सुळसुळाट झाला, आणि ४० तास खर्चून आलेला सिनेमा मध्येच हिरव्या-जांभळ्या चौकोनांत संपायचा.

ईडॉन्की (२०००) आणि त्याच जाळ्यावर चालणारं ईम्यूल (२००२) यांनी ही अडचण मुळातून सोडवली. फाइलचे सुमारे ९.३ एमबीचे भाग पाडून प्रत्येक भागाचा हॅश, म्हणजे गणिती ठसा, वेगळा तपासला. खराब भाग तेवढा पुन्हा मागवायचा. शिवाय एखादा भाग मिळाला की तो लगेच दुसऱ्याला देता यायचा.

ब्रॅम कोहेन यांचं बिटटॉरंट जुलै २००१ मधलं. त्यात शोधायची सोयच नव्हती, फक्त एक छोटी टॉरंट फाइल, तिच्यात सगळ्या तुकड्यांचे ठसे आणि ट्रॅकरचा, म्हणजे कुणाकडे फाइल आहे ते सांगणाऱ्या सर्व्हरचा, पत्ता. त्यातले दोन नियम विलक्षण आहेत. जो तुकडा सगळ्यांत कमी लोकांकडे आहे तो आधी घ्यायचा, म्हणजे तो नामशेष होत नाही. आणि जो तुम्हाला देतो त्याला तुम्ही आधी द्यायचं. नुसतं घेत राहणाऱ्याचा वेग त्यामुळे आपोआप मंदावतो. फाइल जितक्या जणांना हवी तितकी ती लवकर येते, हे आधीच्या सगळ्या पद्धतींच्या उलट होतं. म्हणूनच लिनक्सच्या डिस्क वाटण्यासाठी ही पद्धत आजही कायदेशीरपणे वापरली जाते.

२७ जून २००५ ला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ग्रोक्स्टर (काझासारखंच एक सॉफ्टवेअर) खटल्यात एकमताने निकाल दिला की जो आपलं सॉफ्टवेअर कॉपीराइट मोडायला चिथावणी देत पसरवतो, तो वापरणाऱ्यांच्या कृत्यांना जबाबदार धरला जाऊ शकतो. कंपन्यांनी चालवलेली अशी जाळी त्यानंतर आटत गेली.

१०. फाइलच्या नावातले कॅम, टीएस, स्क्रीनर, डीव्हीडीरिप याचा अर्थ काय?

प्रत कशावरून काढली ते. कॅम म्हणजे थिएटरात बसून कॅमेऱ्याने केलेली. टीएस, म्हणजे टेलिसिंक: चित्र कॅमेऱ्यानेच, आवाज मात्र थेट यंत्रणेतून घेतलेला. टीसी, टेलिसिने: फिल्मच्या रिळावरून यंत्राने उतरवलेली. स्क्रीनर ही परीक्षकांना किंवा पुरस्कार समित्यांना पाठवलेली प्रत, बऱ्याचदा वर ताकीद झळकत असलेली. डीव्हीडीरिप ही विक्रीच्या डीव्हीडीवरून काढलेली.

११. जुन्या फाइलींसाठी कोडेक पॅक टाकावा का?

नको. व्हीएलसी किंवा एमपीव्ही घ्या, त्यांत सगळे जुने कोडेक आतच असतात. विंडोजच्या प्लेअरला बाहेरून कोडेक लागायचे त्या दिवसांत पॅकची सोय होती, पण दोन पॅक टाकले की त्यांची आपसात जुंपायची. आजही ‘ही फाइल पाहण्यासाठी अमुक कोडेक उतरवा’ असा संदेश आला तर तो व्हायरसचा सापळा समजा.

१२. आवाज आणि ओठ जुळत नाहीत. दुरुस्त होईल का?

आधी एक गोष्ट बघा: फरक सुरुवातीपासून शेवटपर्यंत सारखाच आहे, की वाढत जातो?

सारखाच असेल तर सोपं आहे. व्हीएलसीमध्ये जे आणि के या कळांनी आवाज मागेपुढे करा, किती मिलिसेकंदांवर जुळतं ते टिपा आणि एमकेव्हीटूलनिक्स या सॉफ्टवेअरमध्ये तेवढा विलंब देऊन एमकेव्ही बनवा. चित्राला हात लागत नाही.

वाढत जात असेल तर बहुतेक वेळा कारण एमपी३ चा बदलता वेग असतं. एव्हीआय हा डबा ठरलेल्या वेगाच्या आवाजासाठी बनवलेला होता. व्हेरिएबल बिटरेटचा एमपी३ त्यात युक्तीने कोंबला जायचा, आणि काही प्लेअर वेळ मोजताना चुकायचे. अशी फाइल आधी दुसऱ्या प्लेअरवर लावून बघा. कित्येकदा फाइल ठीक असते, चूक प्लेअरची असते.

१३. एव्हीआय चालते पण पुढे ढकलता येत नाही. फाइल अर्धवट आहे का?

शक्यता तीच. कुठली फ्रेम कुठे आहे याची यादी एव्हीआयमध्ये अगदी शेवटी असते, डाउनलोड किंवा कॉपी मध्येच तुटली की ती यादीच येत नाही. व्हर्च्युअलडब या सॉफ्टवेअरमध्ये फाइल उघडा, ते यादी पुन्हा बांधतं. मग चित्र आणि आवाज दोन्हींना ‘डायरेक्ट स्ट्रीम कॉपी’ निवडून नव्या नावाने जतन करा. जेवढा सिनेमा आहे तेवढा नीट चालेल.

१४. सगळ्या जुन्या एव्हीआय आणि डॅट फाइली एमपी४ मध्ये बदलून घेऊ का?

कृपा करून नको. हा प्रश्न सगळ्यांत जास्त येतो, आणि सगळ्यांत जास्त नुकसानही यातूनच होतं.

तुमच्या फाइलमधलं चित्र एकदा दाबलेलं आहे, त्यातला तपशील गेला आहे (प्रश्न २). पुन्हा एन्कोड केलं की कोडेकला आधीचे चौकोन हेच चित्र वाटतं, ते चौकोन जपण्यात बिट खर्च होतात आणि उरलेला खरा तपशील ढोबळ होतो. ‘एचडी करून देतो’ म्हणणारी दुकानं ३५२ गुणिले २८८ चं चित्र ताणून १९२० चं करतात. नवा तपशील त्यात कुठूनच येत नाही. आजीच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्या तेवढ्या पुसल्या जातात.

करायचं ते एवढंच: मूळ फाइल जशीच्या तशी दोन वेगवेगळ्या डिस्कवर ठेवा. टीव्ही डबा ओळखत नसेल तर डबा बदला, चित्र नाही. एफएफएमपेग या सॉफ्टवेअरमध्ये ‘कॉपी’ पर्याय देऊन किंवा एमकेव्हीटूलनिक्सने हे काही सेकंदांत होतं, आणि वेळेवरूनच कळतं: दोन तासांची फाइल अर्ध्या मिनिटात बदलली तर फक्त डबा बदलला, तासभर लागला तर चित्र पुन्हा दाबलं गेलं. नातेवाइकांना पाठवायला लहान प्रत हवी तर ती जरूर काढा, मूळ फाइल मात्र पुसू नका.

१५. लग्नाची व्हीसीडी संगणकात कॉपी होत नाही, मध्येच एरर येते. प्लेअरवर तर चालते. असं का?

व्हीसीडीची रचनाच तशी आहे. डेटा सीडीच्या प्रत्येक सेक्टरमध्ये २०४८ बाइट माहिती आणि शिवाय चुका दुरुस्त करण्यासाठी २७६ बाइट राखीव असतात. व्हीसीडीने ते २७६ बाइटही चित्रालाच दिले, सेक्टरमागे २३२४. त्यामुळे जागा वाढली, पण चुका दुरुस्त करायची ही जादा सोय गेली. ओरखड्यावर प्लेअर क्षणभर अडखळून पुढे जातो. संगणक मात्र एक सेक्टर वाचता आला नाही की अख्खी कॉपी सोडून देतो.

म्हणून एमपेगएव्ही फोल्डरमधली डॅट फाइल माउसने ओढून आणायचा हट्ट सोडा. आयसोबस्टर किंवा व्हीसीडीइमेजरसारखं व्हीसीडी समजणारं सॉफ्टवेअर वापरा. ते खराब सेक्टर वगळून बाकीचं चित्र एमपीजी म्हणून काढून देतं, पुन्हा न दाबता. डिस्क मऊ ओल्या कापडाने मधून कडेकडे पुसा, गोल गोल नाही. ड्राइव्हचा वेग कमी करा. तरी जमलं नाही तर दुसऱ्याचा ड्राइव्ह मागून आणा: एका ड्राइव्हने नाकारलेली सीडी दुसऱ्याने वाचली, हे नेहमी घडतं. छापील बाजू मात्र जपा. सीडीचा चकचकीत थर वरच्या लेबलखालीच असतो, तिथला ओरखडा खालच्या ओरखड्यापेक्षा घातक.

आणि हे काम पुढच्या दिवाळीवर ढकलू नका. लग्नाचा व्हिडिओ करणाऱ्या बहुतेक स्टुडिओंकडे मूळ टेप आता नाही. असलीच तर ती आधी मागा: मिनीडीव्हीच्या एका तासाला १३ जीबी लागतात, आणि त्यातलं चित्र व्हीसीडीच्या कितीतरी पुढचं असतं.

१६. जुन्या डिव्हएक्स डीव्हीडी प्लेअरवर एक फाइल चालते, दुसरी नाही. दोन्ही एक्सव्हिडच आहेत. मग?

एक्सव्हिडमध्ये क्यूपेल आणि जीएमसी असे दोन पर्याय होते, हालचाल जास्त बारकाईने नोंदवणारे. प्लेअरमधल्या स्वस्त चिपना ते पेलत नसत, मग चित्र फुटायचं किंवा पडदा काळा. डिव्हएक्स ३.११ ची अडचण वेगळी, ती प्रश्न ४ मध्ये आहे. फाइल पेन ड्राइव्हने संगणकावर किंवा नव्या टीव्हीला लावून व्हीएलसीने बघा, प्लेअरसाठी ती पुन्हा एन्कोड करण्यात अर्थ नाही.

१७. जुना सिनेमा डाउनलोड करणं किंवा स्वतःच्या सीडीची प्रत काढणं गुन्हा आहे का?

भारतात सिनेमाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. ती मुदत संपलेला सिनेमा कुणीही वाटू शकतो, मात्र नव्याने जोडलेलं संगीत किंवा सबटायटल्स यांचा हक्क वेगळा असतो. मुदत न संपलेला सिनेमा परवानगीशिवाय वाटणं हा १९५७ च्या कायद्याच्या कलम ६३ खाली गुन्हा आहे: सहा महिने ते तीन वर्षं कैद, ५० हजार ते २ लाख दंड. टॉरंटवर ‘मी तर फक्त घेत होतो’ हे म्हणता येत नाही, कारण घेत असतानाच तुमचा संगणक ते तुकडे इतरांना देत असतो (प्रश्न ९). थिएटरात चित्रीकरण करणाऱ्याला २०२३ च्या दुरुस्तीने तीन महिने ते तीन वर्षं कैद आणि किमान ३ लाख दंड आहे, वरची मर्यादा निर्मितीखर्चाच्या ५ टक्क्यांपर्यंत.

स्वतः विकत घेतलेल्या डिस्कची स्वतःसाठी प्रत: कलम ५२ खासगी वापराला वाजवी मर्यादेत सूट देतं. २०१२ ला आलेलं ६५अ हे कुलूप तोडण्याबद्दलचं कलमही हक्क मोडण्याच्या हेतूने तोडणाऱ्यासाठी आहे. ती प्रत चारचौघांना वाटलीत की सूट संपली. तुमच्या घरच्या लग्नाचा, मुंजीचा व्हिडिओ या भीतीपोटी सडू देऊ नका.

१८. सबटायटल आधी जुळतं, मग मागे पडत जातं. आणि मराठी सबटायटलच्या जागी नुसते चौकोन दिसतात.

पहिली तक्रार पाल आणि २४ फ्रेमच्या भांडणाची. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमचा, पाल २५ ची, म्हणून पाल डीव्हीडीवर तो ४ टक्के वेगाने पळवतात. १८० मिनिटांचा सिनेमा १७२ मिनिटं ४८ सेकंदांत संपतो (काही कापलेलं नसतं, हे विचारणारेही बरेच असतात). एका वेगासाठीचं सबटायटल दुसऱ्या वेगाच्या प्रतीला लावलं की तासाभरात सुमारे अडीच मिनिटांचा फरक पडतो. सबटायटल एडिट या सॉफ्टवेअरमध्ये ‘फ्रेम रेट बदला’ हा पर्याय आहे, २३.९७६ (म्हणजे जवळजवळ २४) वरून २५ किंवा उलट. नुसतं मागेपुढे सरकवून हे कधीच जुळत नाही.

चौकोनांचं कारण एन्कोडिंग. एसआरटी, म्हणजे सबटायटलची, फाइल नोटपॅडमध्ये उघडा. देवनागरी नीट दिसत असेल तर ‘सेव्ह ॲज’ करून यूटीएफ-८ निवडा, आणि व्हीएलसीच्या सबटायटल सेटिंगमध्ये देवनागरी असलेला फॉन्ट द्या. नोटपॅडमध्येच इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसत असेल तर ती फाइल युनिकोडपूर्व फॉन्टमध्ये टाइप केलेली आहे. तो फॉन्ट कोणता ते शोधून, युनिकोडमध्ये बदलणाऱ्या कन्व्हर्टरमधून काढली की ओळी वाचता येतात. वेळेचे आकडे मात्र कन्व्हर्टरमध्ये घालू नका, त्यांचीही अक्षरं होऊन बसतात. फक्त संवाद बदला.